हलशी, सकाळच्या गाडीनं

खानापूरच्या स्टँडवर बाबांनी आधी बोर्ड बघितला,
मग बस.
"ह्या 'ह'चं पोट सुटलंय," म्हणाले.
बोर्ड कानडीत होता.

बाबांना कानडी वाचता येत नाही.
काढता येतं.
चाळीस वर्षं काढलं दुकानांवर, शाळांवर, सोसायटीच्या दारावर.
कुणीतरी चिठ्ठीवर लिहून द्यायचं,
हे उतरवायचे, जसा मोर उतरवावा.
एकाच पाटीवरचं एक गाव पुसून
तेच गाव दुसऱ्या लिपीत लिहायची दोन बिलं
अजून आहेत ट्रंकेत.
दोन्ही थकलेली.
आणि डांबर रॉकेलनं निघतं,
पण आधी वाळू द्यायचं,
हे मला सातवीतच माहीत होतं.

नंदगड मागं गेलं. शिवारात पिंजराच्या गंज्या,
काजूच्या बागेत मोहोर, कंडक्टरच्या खिशात
तीन भाषांतले सुटे पैसे.
(पैशाला भाषा नसते म्हणायचं असतं. असते.
कुणाला काय म्हणून सुटे मागता, त्यात असते.)

देवळात दोन देव समोरासमोर.
मधल्या मंडपात उभं राहिलं की
कुणाकडं तरी पाठ होतेच.
बाबा आडवे उभे राहिले, खांबाला टेकून,
आणि त्यांचं लक्ष गेलं भिंतीपाशी उभ्या
एका कोरीव दगडाकडं.

धारवाडहून सहल आली होती. त्यांचे मास्तर म्हणाले, हळगन्नड.
मिरजेचे एक पेन्शनर म्हणाले, छे, संस्कृत.
लिपी एक, भाषा एक, असंही असतं, मास्तर म्हणाले.
असतं ना, पेन्शनर म्हणाले, म्हणून तर.
आवाज चढले. झाडलोट करणारी शिवव्वा
केरसुणी थांबवून ऐकत राहिली,
दोन्हीकडचं कळत असल्यासारखी.

बाबांनी माझी पाण्याची बाटली घेतली,
दगडावर रिकामी केली.
ऊन तिरपं होतं. अक्षरं वर आली.
मग बोट ठेवून, पहिल्या ओळीपासून,
न वाचता,
खाली खाली येत गेले.

"हे बघा," म्हणाले, "वरती ऐसपैस आहे.
इथनं पुढं दाटलंय.
शेवटच्या तीन ओळी तर अंग चोरून बसल्यात.
जागा संपत आलीवती त्याची.
मालकानं ऐनवेळी मजकूर वाढवला असणार."

कुणी काहीच बोललं नाही.
मास्तरांनी पोरांना रांगेत घेतलं.

बाहेर जांभ्या दगडाची बस्ती, छप्पर नसलेली.
आम्ही आत बसून तांदळाची भाकरी खाल्ली,
शेंगाचटणी, दह्याची मिरची.
मुंग्या आल्या. बाबा म्हणाले,
"पैसे दिले असतील का त्याला?"
मला वाटलं, राजाबद्दल विचारतायत.

परतताना बस बंद पडली ती एका चर्चसमोर.
घाट चढून आलेल्या कुणा गवंड्यानं
माथ्यावर दोन्हीकडून चुन्याचे वळसे काढले होते,
वेलीसारखे सुरू होऊन शंखासारखे मिटणारे,
त्यांना पांढरा रंग, कडेला निळी रेघ, मध्ये क्रूस.
सांतान नावाचा म्हातारा घंटेच्या दोरीपाशी
बिडी ओढत होता, कोकणीत म्हणाला, बसा.

बाबा उभेच. मान वर.
"बाय, तो 'ळ' बघ."
कुठाय?
"तो काय. दोन पोटं, मध्ये देठ.
हलशीला तरी कुठं आहे 'ळ', पण हा बघ कसा बसलाय."
सांतान पण बघायला लागला.
रोज बघत असणार,
पण आज पहिल्यांदाच वाचत होता.

बाबांचा उजवा हात गेली दोन वर्षं थरथरतो.
हवेत ते अक्षर गिरवलं तेव्हाही थरथरला.
दुसऱ्या पोटाशी जरा जास्तच.

बेळगावात शिरलो तेव्हा दिवे लागलेले.
चौकात कुणाच्या तरी वाढदिवसाचा फ्लेक्स,
चाळीस नावं, चाळीस फोटो,
सगळी अक्षरं एकाच मापाची, नेमकी कडेपर्यंत.
बाबा सिग्नल सुटेपर्यंत बघत राहिले.
"ह्याला जागा कधी कमी पडत नाही,"
एवढंच म्हणाले,
आणि रिकामी बाटली मांडीवर
उभी धरून बसले, सांडू नये अशी.